किल्ल्याला हात लावू नकोस, तुझ्यासाठीच चाललंय

सहामाहीचा शेवटचा पेपर झाला की मूल घरी येतं, दप्तर कोपऱ्यात भिरकावतं आणि विचारतं, "बाबा, या वर्षी किल्ला करायचा ना?" "कर की" एवढंच म्हणून पेपरात डोकं घालणारे बाप पूर्वी होते. त्यांची मुलं मग चार विटा, एक फाटकं पोतं आणि बादलीभर चिखल यांतून एक ढिगारा उभा करायची आणि त्याला प्रतापगड म्हणायची. तुम्ही तसे नाही. तुम्ही जागरूक पालक आहात. तुम्ही "आपण करू" म्हणायचं. "आपण" हा मराठीतला फार सोयीचा शब्द आहे. त्यात नेमकं कोण कोण येतं हे शेवटपर्यंत सांगावं लागत नाही.

कोणता किल्ला करायचा, हे मुलाला विचारा. हल्ली विचारतात. ते म्हणेल, "मोठा डोंगर, खाली गुहा, आणि गुहेत वाघ." शांतपणे ऐकून घ्या आणि रायगड ठरवा. २०२५ च्या जुलैत युनेस्कोने मराठ्यांचे १२ किल्ले जागतिक वारशाच्या यादीत घेतले, त्यातले ११ महाराष्ट्रात आणि बारावा जिंजी तमिळनाडूत, ही माहिती त्याच दमात देऊन टाका. "जिंजीला वाघ आहे?" असं त्याने विचारलं तर विषय बदला.

पार्किंगमध्ये जागा मिळवणं, "फरशी धुऊन देऊ" असं सेक्रेटरींना लिहून देणं, नर्सरीतून गोणीच्या भावाने लाल माती विकत आणणं, ही किरकोळ कामं आहेत. माती विकत घेताना आपल्या वडिलांचा चेहरा डोळ्यांसमोर आणू नका.

खरं काम महादरवाजाचं. रायगडाचा महादरवाजा दोन थोरल्या बुरुजांच्या कवेत आहे. तो तसाच, आत घेतलेला, जमला पाहिजे. त्यात दोन संध्याकाळी जातील. तिसऱ्या संध्याकाळी मूल समोर उकिडवं बसून म्हणेल, "बाबा, दरवाजा दिसतच नाहीये." त्याला सांगा की शत्रूला दिसू नये यातच सगळी हुशारी आहे. ते म्हणेल, "पण बघायला शत्रू येणारेत का परीक्षक?" मुलांच्या जिज्ञासेला प्रोत्साहन द्यावं असं सगळे म्हणतात. तुम्ही त्याला पाणी आणायला पाठवा.

मुलाला सहभागी करून घेण्याबद्दल दुमत नाहीच. त्याच्यासाठी कामं काढून ठेवा. पाणी आणणं. घरून उलथणं आणणं. आईने उलथणं द्यायला नकार दिला हे सांगायला परत येणं. टॉर्च धरणं, "नीट धर, कुठे बघतोयस?" हे ऐकून घेणं. आणि सगळ्यात जबाबदारीचं काम म्हणजे बाजूला होणं. त्याने चुकून ओल्या तटावर हात ठेवला आणि पाच बोटांचा ठसा उमटला, तर ओरडू नका. करणीने गुळगुळीत करून घ्या.

आईकडून हळीव मागून घ्या. डोंगरावर पेरले की तीन-चार दिवसांत हिरवंगार होतं. या मुलाच्या वेळी बाळंतपणात तिने लाडवांतून जे खाल्ले तेच हे हळीव, असा भावुक विचार मनात आला तरी तिच्याजवळ बोलू नका. ती त्या वेळी चकलीचा सोऱ्या दाबत असते, आणि मोरीतला चिखल तिने नुकताच दुसऱ्यांदा धुतलेला असतो.

चित्रं कुंभारवाड्यातूनच आणा. मावळा दरवाजापेक्षा उंच निघणार, हे गेली कित्येक वर्षं ठरलेलं आहे. त्यावर उपाय नाही. अडचण येते ती मुलाच्या डायनासोरची. तो बाजारपेठेत ठेवायचा असा त्याचा आग्रह असतो. इथे बालमानसशास्त्र वापरा. नाही म्हणू नका. टकमक टोकावर जागा द्या. तिथून कडेलोट करत असत, त्यामुळे पडला तरी इतिहासाला धरूनच होईल.

एक घरगुती गोष्ट सांगतो. चौथीत असताना माझा किल्ला वसुबारसेच्या रात्री अवकाळी पावसात वाहून गेला. बुरुजासकट, मोहरीसकट, सलाइनच्या नळीतून काढलेल्या कारंज्यासकट. वडील खिडकीतून म्हणाले, "गेला? बरं झालं, आता फराळाला ये." त्या रात्रीचा हिशेब मी मुलाच्या नावावर चुकता करतोय, असं बायको म्हणते. मी तिकडे लक्ष देत नाही. मला ताडपत्री बांधायची असते.

आता हिरकणी बुरुज. ही गोष्ट मुलाला जरूर सांगा. पालकत्वावर याहून चांगली गोष्ट आपल्याकडे नाही. गवळण गडावर दूध घालायला गेली, संध्याकाळ झाली, दरवाजे बंद झाले, आणि खाली घरी तान्हं बाळ म्हणून ती अंधारात कडा उतरून गेली, असं सांगतात. पुढे तिथे बुरुज बांधला. गोष्ट सांगता सांगता फूटपट्टीने बुरुजाची जागा मोजत राहा. रात्री साडेअकराला तुमची बायको पिठाच्या हातांनी चार मजले उतरून येईल (लिफ्टचं काम नेमकं दिवाळीत निघतं), रिकाम्या गोण्यांवर झोपलेल्या मुलाला उचलेल आणि काही न बोलता जिना चढू लागेल. तिला विचारा, बुरुज जरा डावीकडे हवा होता का.

स्पर्धेआधी मुलाची तयारी करून घ्या. राज्याभिषेक? ६ जून १६७४. गड कोणी बांधला? हिरोजी इंदुलकर. जगदीश्वराच्या पायरीवर काय कोरलंय? "सेवेचे ठायी तत्पर". एवढं सगळं घोकून झाल्यावर परीक्षक भलताच प्रश्न विचारतात, "हा किल्ला कोणी बांधला, बाळ?" आणि मूल घोकलेलं आठवून "हिरोजी इंदुलकर" म्हणतं. यावर हसू नका. खरं उत्तर दिलं असतं तर जास्त पंचाईत होती.

हिरोजींचं नाव निदान पायरीवर आहे. तुमचं कुठेच नसतं. समोरच्या फ्लेक्सवर मुलाचं नाव, इयत्ता, तुकडी. कमरेत उसण भरली ती तुमची, पण ग्रुपवर फोटो टाकताना "चिरंजीवांचा छोटासा प्रयत्न" असंच लिहायचं. समोरच्या विंगमधल्या राजगडाखालीही तेच लिहिलेलं असेल. त्याच्या सुवेळा माचीचं नेढं (कड्यातलं आरपार भोक) इतकं सुबक कोरलंय की दुसरीतल्या मुलीचा तो हात नव्हे, हे तुम्हाला कळतं. तिच्या बाबांना "वा, हुशार आहे हं मुलगी!" म्हणा. तेही तुमच्या मुलाबद्दल म्हणतील. सभ्यता यालाच म्हणतात.

भाऊबीज झाली की दोन दिवसांत जागा मोकळी करा अशी सोसायटीची नोटीस लागते. हे एक काम मात्र बिनदिक्कत मुलांवर सोपवा. आधी महाराज, तोफा आणि लाइटची माळ काढून घ्या. मग पाहा, दोन्ही विंगमधली पोरं चपला काढून धावत येतात. कोणी नगारखान्यावर उडी मारतं, कोणी महादरवाजातून थेट हात घालून आरपार बोगदा पाडतं. त्या बोगद्यात तुमचं पोरगं चड्डीच्या खिशातून एक वाघ काढून ठेवतं. प्लॅस्टिकचा, एक कान तुटलेला. तो दिवाळीभर खिशातच होता.

गुडघ्यापर्यंत चिखल, केसांत हळिवाची रोपं, आणि ओरडून ओरडून घसा बसलेला. या वेळचा फोटो काढू नका. त्यात किल्ला दिसत नाही.