मुद्देमाल: तांब्याची घागर, नग एक

बावीस वर्षं आडतीवर मुनीम होतो, तुरीच्या सीझनला रोज लाखांच्या नोटा मोजल्या, पण माझं चारित्र्य कसंय हे कुणी विचारलं नाही. शेटजींनी कामावर घेताना एवढंच विचारलं होतं, गाव कोणतं अन् कुणाचा तू. आता एटीएममध्ये कॅश भरणाऱ्या एका कंपनीत हिशोबाचं काम लागलं तर तिथली पोरगी फोनवर म्हणते, सर, जॉइनिंगच्या आधी चारित्र्य पडताळणी प्रमाणपत्र लागेल, पोलिसांकडून.

पोटात गोळाच आला. कारण माझ्यावर गुन्हा आहे. म्हणजे असं मीच सगळ्यांना सांगत आलोय.

लातूरकराला २०१६ चा उन्हाळा सांगायची गरज नाही. १२ एप्रिलला मिरजेहून पाण्याची पहिली रेल्वे आली, १० टाक्या, ५ लाख लिटर, सगळ्या देशानं टीव्हीवर बघितलं. त्याच्या आधी मार्चमध्ये पाण्याच्या टाक्यांपाशी १४४ कलम लावलं होतं, पाचपेक्षा जास्त माणसं जमायची नाहीत. आता त्या उन्हाळ्यात लातुरात टाकीपाशी पाचच माणसं असायची म्हटलं तर ती पाच एकाच घरातली असायची. आम्ही तर शंभरभर होतो. पोलीस आले, एका जमादारानं डायरीत माझं नाव लिहून घेतलं अन् तेव्हापासून मी सरकारी हुकूम मोडल्याच्या कलमाचा, एकशेअठ्ठ्यांशीचा आरोपी. सोयरिकीत, लग्नाच्या पंगतीत, पारावर, कुणी आंदोलनाचा विषय काढला की मी हळूच म्हणायचो, आपल्यावर बी एक केस हाय पाण्याची. लोक जरा सरकून जागा द्यायचे.

आता तीच केस नोकरी खाणार म्हणून वकील भाच्याकडं गेलो. त्यानं विचारलं, "मामा, समन्स आलं का कधी? जामीन घेतला?" नाही म्हटलं. "मग कसली केस? १८८ ला कोर्ट नुसत्या पोलिसांच्या म्हणण्यावर दखल घेत नसतं, हुकूम काढणाऱ्या साहेबाची नाहीतर त्याच्या वरच्याची लेखी तक्रार लागते, १९५ कलम बघा." वर हेही सांगितलं की १ जुलै २०२४ पासून नव्या कायद्यात १८८ चं २२३ झालं अन् १४४ चं १६३, फक्त जुन्या गुन्ह्याला जुनंच कलम. म्हणजे मी ज्या नंबरावर इतकी वर्षं मिरवलो तो नंबरच बाद. (आडतीवर जुन्या नोटा आल्यावर शेटजींचं तोंड व्हायचं तसं माझं झालं.)

पण कंपनीच्या फॉर्मात रकाना होताच, 'आपल्यावर कधी गुन्हा दाखल झाला आहे का, होय / नाही'. भाचा म्हणाला, लपवायचं नाही, सुप्रीम कोर्टानं २०१६ लाच अवतार सिंगच्या निकालात सांगितलंय, माहिती खरीच द्यायची, अन् कोवळ्या वयातल्या घोषणाबाजीसारखं किरकोळ असंल तर नोकरी देणारा ते सोडून देऊ शकतो. मी तेव्हा अडतीस वर्षांचा होतो. ते कोवळ्यात धरतात का, हे विचारायचं धाडस झालं नाही.

ऑनलाइन अर्ज भरला, आधार, टीसी, फोटो, सगळं. टीसीवर ग्यानोबा अन् आधारवर ज्ञानोबा, त्यात दोन दिवस गेले ते सोडा. मग पोलीस स्टेशनातून गोपनीयवाल्यांचा फोन आला, या म्हणून. मी निघालो तर बायको चप्पल घालून तयार.

"तू कुठं?"

"आव तुम्ही जाऊलालाव तर माझी घागर बी घेऊन येऊ की. इतकी वर्षं झाली, आता तरी देतील."

घागर. हिची माहेरची, तांब्याची, हिच्या आईचं नाव कोरलेली. त्या दिवशी मी रिकाम्या हातानं घरी आलो होतो अन् तिला सांगितलं होतं की पोलिसांनी मुद्देमाल म्हणून जप्त केली, केस संपली की मिळते.

जमादारानं कॉम्प्युटरवर नाव टाकलं, मान हलवली. "काही नाही तुमच्यावर. क्लिअर."

खरं तर पाया पडायला पाहिजे होतं. पण माझ्या तोंडून निघालं, "नीट बघा साहेब, २०१६ चं. ग्यानोबा टाकून बघा."

त्यांनी तेही टाकलं. "काहीच नाही काका. घरी जावा, सर्टिफिकेट येईल."

"पण डायरीत लिहिलं होतं हो..."

"टँकरच्या नंबराची यादी असंल ती."

एवढ्यात बायको टेबलापाशी आली, पदर सावरला अन् एकदम अदबीनं विचारलं, "साहेब, केसच नाही तर मग आमची घागर कुठं ठिवली?"

जमादार माझ्याकडं बघायला लागले. पोलिसांच्या नजरेनं. दहा वर्षांत पहिल्यांदाच.

आता काय सांगू. शिट्टी वाजली तेव्हा शंभर जणांत सगळ्यात आधी पळालेला मी होतो, अन् घागर घेऊन पळता येत नाही.