घटस्फोट पाहिजे? मग लग्न ठरल्यापासूनच तयारीला लागा

हल्लीच्या पोरांना काय, जरा खुट्ट झालं की डायरेक्ट डिव्होर्स, असं लग्नाच्या पंगतीत मठ्ठा पीत पीत सांगणारे जे काका असतात ना, त्यांनी तो कधी घेऊन बघितलेला नसतो. अहो इतकं सोपं नाहीये ते. हिंदू विवाह कायदा १९५५ चा, त्याचं कलम १४ सांगतं की लग्नाला वर्ष होईपर्यंत (अगदीच भयंकर प्रकरण असेल ते सोडून) अर्जच करायचा नाही. दोघांच्या मर्जीनं घ्यायचा तर आधी वर्षभर वेगळं राहा, मग अर्ज करा, मग सहा महिने थांबा, नीट विचार करा म्हणे. ते सहा महिने २०१७ पासून कोर्टाला वाटलं तर माफ होतात, पण कोर्टाला वाटलं तर, तुम्हाला वाटून उपयोग नाही. आणि एकाला हवाय दुसऱ्याला नकोय अशी केस असेल तर मग बघायलाच नको, तारखेवर तारीख घेत घेत वकिलाची मुलगी एमबीबीएस होते.

तेव्हा हे काम आयत्या वेळी उरकण्यातलं नाही. सुदैवानं आपल्याकडे त्याची पायाभरणी लग्न ठरतानाच करायची फार जुनी सोय आहे, आणि त्यात सगळं खानदान मनापासून मदत करतं. तुम्ही फक्त कुणाला अडवू नका.

पहिली पायरी पत्रिका. ३६ पैकी २८ गुण जुळले की पुढचं काहीही विचारायची गरज नाही हे मनाशी पक्कं करा. मग कांदेपोहे, हल्ली कॅफेत कॉफी, तेच ते. पॅकेज विचारा, फ्लॅट कुठे, किती बीएचके, पार्किंग कव्हर्ड का ओपन, हे सगळं अगदी बारकाईनं विचारा. विचारायचं नाही ते एवढंच की लग्नानंतर स्वयंपाक कोण करणार, आईबाबा सोबत राहणार का अधूनमधून येणार आणि अधूनमधून म्हणजे किती महिने, मूल हवंय का, कधी हवंय, अंगावर कर्ज किती आहे. असलं विचारणारी मुलगी आगाऊ दिसते आणि मुलगा भोचक. त्यापेक्षा छंद विचारा. तो म्हणेल ट्रेकिंग, म्हणजे दोन पावसाळ्यांपूर्वी गाडीनं सिंहगडावर जाऊन पिठलं-भाकरी खाल्लेली. ती म्हणेल वाचन. दोघांनी वा वा म्हणायचं, झालं, पसंती.

मानपानाला फार लोक हलक्यात घेतात पण तसं करू नका, दीर्घकालीन गुंतवणूक आहे ती. मुलाकडच्यांनी 'आमच्या काहीच अपेक्षा नाहीत, तुम्ही तुमच्या मुलीला हौसेनं काय द्यायचं ते द्या' हे वाक्य म्हणायचं आणि मग गप्प बसून हौस मोजायची. मुलाच्या आत्याला आलेली साडी हलक्या काठाची होती, हे त्याच दिवशी बोलून मोकळं व्हायचं नाही. ते जपून ठेवायचं आणि चार वर्षांनी, भांडण डाळीत मीठ जास्त पडल्याचं चालू असताना, काढायचं. मुलीकडच्यांनी पण मागे राहू नये, हॉलचं भाडं आणि जेवणाच्या ताटाचा रेट दर दिवाळीला जावयाच्या कानावर पडेल इतक्या आवाजात आठवत राहावं.

आता मुख्य विषय, मुलाची आई. इथे नवऱ्यानं काहीच करायचं नाही हे लक्षात ठेवा, काही न करणं हेच त्याचं काम. आई म्हणाली 'तुमच्याकडे वरणाला फोडणी देतात वाटतं' तर तो मोबाईलमध्ये बघेल. बायको रात्री बेडरूममध्ये म्हणाली की मला फार लागलं ते, तर त्यानं म्हणायचं, 'अगं आईचा तसा उद्देश नव्हता.' सकाळी आई म्हणाली की ती नीट बोलत नाही माझ्याशी, तर म्हणायचं, 'अगं तिचा तसा उद्देश नव्हता.' दोघींचे उद्देश इतके शुद्ध असलेलं घर टिकतं कसं तेच बघायचं. बायकांनी नाराज व्हायचं कारण नाही, त्यांनाही वाव आहे. रोज दुपारी एकच्या सुमारास माहेरी फोन लावून सासरी आज काय भाजी झाली, कोण काय म्हणालं आणि म्हणताना तोंड कसं केलं इथपर्यंत सगळं सांगा, म्हणजे नवऱ्याशी संध्याकाळी समेट झाला तरी आईच्या डोक्यात दुपारचंच भांडण ताजं राहतं, आणि पुढच्या वेळी जावई आला की त्या बाईला चहा करताना ते सगळं आठवतं.

घरकामाबाबत एकच शब्द पाठ करा, 'मदत'. मी मदत करतो की तिला. घर तिचं, पोरं तिची, कुकर तिचा, तुम्ही आपले शेजारून आलेले मदतनीस. आणि केली नाही मदत तर म्हणा, 'सांगायचं ना मग, मला काय स्वप्न पडतं का?' केंद्र सरकारच्या सांख्यिकी खात्यानं २०१९ साली लोकांचा वेळ कुठे जातो ते मोजलं तर घरकामात बाईची दिवसाला सरासरी २९९ मिनिटं गेली आणि पुरुषाची ९७, आणि ही ९७ सुद्धा त्या दिवशी ज्यांनी घरकामाला हात लावला अशांचीच, ते शंभरात जेमतेम सव्वीस निघाले, उरलेले बहुधा सल्लागार. २०२४ ला परत मोजलं, बाईची झाली २८९. दहा मिनिटं वाचली म्हणून आनंद साजरा करावा तर पुरुषांची ८८ निघाली, म्हणजे तिनं दहा सोडलेली बघून यांनी लगेच नऊ काढून घेतली. ही परंपरा तुमच्या घरात खंडित होऊ देऊ नका.

पैशाचा भाग सगळ्यात रंगतदार आहे म्हणून जरा सविस्तर सांगतो. 'तुझा पगार तुझा, माझा माझा' हे वाक्य ऐकायला कसलं पुरोगामी वाटतं, तेच वापरा. मग व्यवस्था अशी लावा की फ्लॅटचा हप्ता नवऱ्याच्या खात्यातून, आणि किराणा, दूध, कामवाली, पोराची फी, सासूबाईंच्या गोळ्या बायकोच्या खात्यातून. पंधरा वर्षांनी नवऱ्याकडे फ्लॅट असतो आणि बायकोकडे दुधाची बिलं. तिनं माहेरी दहा हजार पाठवले की 'विचारायचं तरी' म्हणा, तुम्ही भावाच्या धंद्यात चार लाख घातले ते मात्र तिला वहिनीकडून कळू द्या. बायकांनी क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट ऑफिसच्या ईमेलवर घ्यावं आणि शेअर मार्केटमध्ये, का क्रिप्टोमध्ये, जे बुडालं ते नवऱ्यानं मित्राचं बुडालं म्हणून सांगावं. एवढं जमलं तर पुढे काय होतं बघा, २०२० साली सुप्रीम कोर्टानं ठरवून दिलंय की पोटगीच्या भांडणात दोघांनीही आपापलं उत्पन्न, मालमत्ता, कर्ज सगळं प्रतिज्ञापत्रावर लिहून द्यायचं. एकमेकांना खरा पगार पहिल्यांदा तिथेच कळला पाहिजे. कित्येक संसारांत दोघांनी मिळून हिशोब मांडायचा तो पहिलाच प्रसंग असतो, तोही प्रत्येक पानावर सही करून.

बोलणं. ते बंद करा. भांडण चालेल असं समजू नका, भांडणात माणूस चुकून खरं बोलून जातो आणि मग सगळं मिटायचा धोका असतो. त्यापेक्षा अबोला बरा. पोराला मध्ये घालून 'पप्पांना सांग जेवायला वाढलंय' एवढं ठेवलं की पोराचीही लवकर तयारी होते. बेडवर दोघांनी दोन दिशांना तोंड करून रील्स बघायच्या, त्यातली नवरा-बायकोच्या जोकची असेल ती एकमेकांना फॉरवर्ड करायची नाही, मित्रांच्या ग्रुपवर टाकायची. फोन हातात आहेच तर रेकॉर्डिंग करून ठेवा. जुलै २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टानं असं गुपचूप केलेलं नवरा-बायकोतलं रेकॉर्डिंग पुरावा म्हणून दाखल करायला मोकळीक दिलीय. त्यामुळे आता 'बोल ना, काय झालंय तुला' असं कुणी प्रेमानं विचारलं तर आधी स्क्रीनवर लाल ठिपका आहे का तेवढं बघून घ्या.

एवढं झालं की नातेवाईक बैठक घेतील. मामा, थोरले काका, आणि ज्यांच्या स्वतःच्या घरात वीस वर्षं कुणी कुणाशी बोलत नाही असे एक अनुभवी गृहस्थ. त्यांचा उपाय ठरलेला असतो, एक मूल होऊ द्या, आपोआप सगळं मार्गी लागतं. ऐका त्यांचं. दोन माणसांना झेपत नसलेल्या घरात तिसरं, दर दोन तासांनी रडणारं माणूस आणलं की मार्गी लागतंच, कुठल्या मार्गी ते मामा सांगत नाहीत. पण एक खबरदारी घ्या. पुण्यात १९५६ साली झालेल्या एका लग्नाची केस सुप्रीम कोर्टात गेली होती, नवरा म्हणत होता बायको छळते. १९७५ ला निकाल आला, कोर्टानं मान्य केलं की बायकोचं वागणं क्रूरतेत बसतं, पण म्हणाले त्यानंतरही तुम्ही एकत्र संसार केलात, तिसरं मूल झालं, म्हणजे तुम्ही तिला माफ केलं, जा घरी. वकिलीच्या पोरांना हा निकाल अजून शिकवतात. तेव्हा बैठकीत माफ वगैरे करण्याआधी वकिलाला फोन करा.

आता कोर्ट. इथे अनेक हुशार लोक आपटतात, कारण त्यांना वाटतं आपण खरं कारण सांगावं. खरं कारण तिथे चालत नाही हो. 'साहेब, गेली सहा वर्षं मला कुणी तू जेवलीस का विचारलं नाही' याला कलम नाही. 'आम्ही दोघं बरे आहोत पण एकमेकांबरोबर बरे नाही' यालाही नाही. लग्न पार संपलंय एवढंच कारण धरून ते मोडायचा अधिकार सुप्रीम कोर्टानं २०२३ मध्ये स्वतःकडे असल्याचं सांगितलं, राज्यघटनेच्या कलम १४२ खाली, पण तो त्यांच्यापुरता, शिवाजीनगरच्या किंवा वांद्र्याच्या फॅमिली कोर्टात तो वापरता येत नाही. खालच्या कोर्टात कायद्याच्या यादीतलं कारण लागतं, क्रूरता, व्यभिचार, सोडून जाणं, असं काहीतरी दणकट. मग वकील तुमच्या त्या न विचारलेल्या जेवणाची क्रूरता करून देतात, समोरचा वकील उत्तरात तुमची क्रूरता करतो, आणि ज्या दोन माणसांनी कधी एकमेकांना साधं 'गाढव' म्हटलं नव्हतं ती दोघं चाळीस पानांत राक्षस होऊन बाहेर येतात. दोघांनी आपापली प्रत घरी नेऊन आईला वाचायला द्यावी, उरलंसुरलं तिथे संपतं.

हिंदू विवाह कायद्याचं कलम ९ पण हाताशी ठेवा, नांदायला ये म्हणून दावा लावायचं. याला मुंबईत मोठा इतिहास आहे, रखमाबाईंवर नवऱ्यानं १८८४ मध्ये असाच दावा लावला होता, अकराव्या वर्षी लावून दिलेलं लग्न, ती म्हणाली नाही नांदणार, १८८७ ला कोर्ट म्हणालं नांदायला जा नाहीतर सहा महिने कैद, ती म्हणाली कैद चालेल. शेवटी १८८८ मध्ये नवऱ्यानं दोन हजार रुपये घेऊन विषय मिटवला आणि ती विलायतेला जाऊन डॉक्टर होऊन आली. आता कैद नाही. आता गंमत उलटी आहे, कोर्टानं नांदा म्हणून हुकूम दिला आणि वर्षभर कुणी कुणाकडे फिरकलं नाही तर त्याच हुकुमाच्या जोरावर घटस्फोट मागता येतो.

या सगळ्यात नातेवाइकांना दोष द्यायला काहीतरी लागणार, त्यांना 'पाश्चात्य संस्कृती' हे उत्तर आयतं आहेच. काडीमोड आपल्याच कित्येक जातींत पिढ्यानपिढ्या चालत होता, गोव्यात १९१० च्या पोर्तुगीज कायद्यानं घटस्फोट आहे, सयाजीरावांनी बडोद्यात १९३१ ला कायदा केला, मुंबई प्रांतानं १९४७ ला, असलं काही मध्येच बोलू नका. त्यांचा मूड जातो.

निकाल लागला की रुखवतातली भांडी, अल्बम आणि तो एकत्र घेतलेला मिक्सर यांची वाटणी करा. मिक्सरवरून वकिलाला अजून एक तारीख मिळाली तर मिळू द्या, त्यांचीही मुलं शिकतायत. आणि मग आठवड्याभरात आईला सांगून नवा बायोडाटा करायला घ्या. त्यात 'निर्दोष घटस्फोटित' असं लिहायला विसरायचं नाही, सगळेच लिहितात, वधू-वर सूचक मंडळांच्या वह्या चाळून बघा, एक माणूस दोषी सापडायचा नाही. छंदात ट्रेकिंग राहू द्या. अपेक्षांच्या रकान्यात 'अनुरूप, समंजस, ॲडजस्ट करणारी' टाका, पॅकेजचा आकडा नवीन घाला, आणि पत्रिका गेल्या वेळच्या गुरुजींकडेच द्या, त्यांच्याकडे तुमची जन्मवेळ आहेच.