‘चेहरा पुरतो’ हे खरे नाही: जंग हो-यॉन आणि कोरियातील मॉडेल-अभिनेते

कोरियन मालिका मराठी घरांत रुळू लागल्यापासून एक विधान वेगवेगळ्या रूपांत सतत पुढे पाठवले जात आहे. त्याचा आशय असा: कोरियात नट होण्यासाठी अभिनय यावा लागत नाही, उंची आणि चेहरा पुरतो, ‘स्क्विड गेम’ या जीवघेण्या खेळांवरच्या मालिकेतली जंग हो-यॉन ही मॉडेल होती, तिला अभिनयाचा गंधही नव्हता, एजन्सीने तिला पुढे केले, एका रात्रीत ती स्टार झाली आणि अमेरिकनांनी तिला पुरस्कारही देऊन टाकला, नाट्यशाळांत वर्षानुवर्षे घासून निघालेले नट मात्र बसून राहिले. या विधानाच्या शेवटच्या तुकड्यात एक खरी तक्रार आहे आणि ती गंभीरपणे घेतली पाहिजे. पण ती ज्या तपशिलांवर उभी केली आहे, ते तपशील एकेक करून पाहिले तर त्यांतला बहुतेक भाग गळून पडतो.

‘एका रात्रीत’ हा दावा सर्वांत सोपा आहे, म्हणून तो आधी घेतो. हो-यॉनचा जन्म १९९४चा, सोलचा. सोळाव्या वर्षाच्या आसपास तिने मॉडेलिंग सुरू केले आणि सुरुवातीची दोन वर्षे कोणत्याही एजन्सीच्या आधाराविना ती सोल फॅशन वीकमध्ये चालत होती. २०१३ मध्ये दूरचित्रवाणीवरील मॉडेलांच्या स्पर्धेत ती उपविजेती ठरली, २०१६ मध्ये न्यूयॉर्कला गेली आणि त्याच वर्षी पॅरिसमध्ये लुई व्हिताँ या फॅशन कंपनीच्या शोमध्ये चालली. अभिनेत्यांचे व्यवस्थापन करणाऱ्या कंपनीशी तिने करार केला तो जानेवारी २०२० मध्ये, आणि ‘स्क्विड गेम’ प्रदर्शित झाली १७ सप्टेंबर २०२१ रोजी. म्हणजे कामाला लागल्यापासून जगाला तिचे नाव कळेपर्यंत दहा वर्षांहून अधिक काळ गेला. झटपट घडले ते एवढेच, की मालिकेआधी इन्स्टाग्रामवर सुमारे चार लाख असलेले तिचे अनुयायी काही आठवड्यांत दोन कोटींच्या पुढे गेले. तो प्रसिद्धीचा वेग होता आणि त्यात तिचे स्वतःचे कर्तृत्व फारसे नव्हते. नेटफ्लिक्सच्या आकडेवारीनुसार पहिल्या चार आठवड्यांत १४ कोटींहून अधिक घरांत ही मालिका लागली होती. त्या लाटेवर मालिकेतले सगळेच वर आले.

शिवाय विशीच्या मध्यावर फॅशनच्या धंद्यातून बाहेरचा रस्ता शोधणे हा कोणाचा लहरी निर्णय नसतो. दर हंगामाला न्यूयॉर्क, लंडन, मिलान आणि पॅरिस या क्रमाने निवड-चाचण्यांच्या रांगेत उभे राहायचे, आणि दर हंगामाला रांगेत आपल्यापेक्षा लहान मुली अधिक असायच्या. पंचविसाव्या वर्षी दुसऱ्या कामाचा विचार करणारी मॉडेल व्यवहारी म्हणावी लागेल.

एजन्सीने पुढे केले, हा दुसरा तुकडा. कंपनीने केलेले काम नेमके काय होते? हो-यॉन न्यूयॉर्कमध्ये फॅशन वीकच्या तयारीत होती, तेव्हा कंपनीने तिला प्रसंग पाठवले आणि ते स्वतःवर चित्रित करून पाठवण्यास सांगितले. ती चित्रफीत पाहून दिग्दर्शक ह्वांग डोंग-ह्युक यांनी तिला प्रत्यक्ष भेटीसाठी सोलला बोलावले आणि त्यानंतर तिची निवड झाली. दार कंपनीने उघडले हे खरेच आहे. हे लहानसहान साहाय्य नाही, हेही मान्य करतो. पण दाराच्या आत गेल्यावर जे घडले ते दिग्दर्शकासमोर आणि कॅमेऱ्यासमोर घडले.

आणि चेहऱ्याचेच म्हणायचे, तर ही भूमिका चेहरा खपवण्यासाठी अगदी गैरसोयीची होती. कांग से-ब्योक ही उत्तर कोरियातून निसटून आलेली, पाकीटमारी करणारी मुलगी आहे. खेळातल्या ४५६ जणांच्या अंगावर एकच हिरवा ट्रॅकसूट असतो, तिच्याही. छातीवर क्रमांक ०६७. दहा वर्षे कपड्यांना उठाव देण्याचे काम केलेल्या बाईकडून इथे कपडे, केशरचना, प्रसाधन, चाल हे सगळे काढून घेतलेले आहे. गंमत अशी की, जे लोक हो-यॉनला ‘फक्त मॉडेल’ म्हणतात तेच लोक याच मालिकेचा नायक ली जंग-जे याचे नाव मुरलेला नट म्हणून घेतात. तो मुरलेला आहेच. पण सोलमधल्या एका कॅफेत काम करताना तो एका फॅशन डिझायनरच्या नजरेस पडला, मॉडेल झाला आणि १९९३ मध्ये मालिकांत आला. मूळ दोघांचे एकच आहे, मध्ये फक्त जवळजवळ तीस वर्षांचे अंतर आहे.

आता ‘अभिनयाचा गंधही नव्हता’ या दाव्याकडे येऊ, कारण खरा वाद इथे आहे. हो-यॉनने त्याआधी कोणत्याही मालिकेत किंवा चित्रपटात काम केलेले नव्हते, हे बरोबर आहे. त्यावरून तिने तयारी केली नाही असा निष्कर्ष निघत नाही. तिने उत्तरेकडची बोली शिकून घेतली, मारामारीच्या प्रसंगांसाठी प्रशिक्षण घेतले, उत्तर कोरियातून पळून आलेल्यांवरचे माहितीपट पाहिले आणि से-ब्योकच्या नावाने रोजनिशी लिहिली. परदेशांत एकटीने काढलेल्या वर्षांतला एकाकीपणा या भूमिकेत आपल्याला उपयोगी पडला, असे तिने मुलाखतींत सांगितले आहे, आणि पडद्यावर पाहताना ते पटते.

मॉडेल अभिनयात येते तेव्हा काय बरोबर आणते आणि काय आणत नाही, हे या दाव्याचे समर्थक कधीच वेगळे करत नाहीत. कॅमेऱ्याचे भिंग कुठे आहे, प्रकाश कुठून पडतो, खांदा किती वळवला की चेहरा कसा दिसतो, हे तिला उपजत वाटावे इतके सवयीचे असते. थंडीत उन्हाळी कपडे घालून तासन्तास न कुरकुरता उभे राहण्याची शिस्तही असते. नसतो तो आवाज. श्वास कुठे घ्यायचा, वाक्याचा शेवट कसा सोडायचा, समोरचा बोलत असताना आपण काय करायचे, यांतले काहीही रॅम्पवर शिकवले जात नाही. त्याहून वाईट म्हणजे, कॅमेऱ्याची जी जाणीव मॉडेलला पोसते तीच अभिनेत्रीला मारक ठरते. छायाचित्रासाठी प्रत्येक क्षण पूर्ण करून द्यायचा असतो. दृश्यात बहुतेक क्षण अर्धवट सोडावे लागतात. म्हणून मॉडेल-नट वाईट असतात तेव्हा ते एका विशिष्ट प्रकारे वाईट असतात: दिसतात उत्तम, आणि तोंड उघडले की दृश्य थांबते.

या कसोटीवर मालिकेचा सहावा भाग पाहावा. गोट्यांच्या खेळात से-ब्योक आणि जी-यंग या दोन मुलींची जोडी जमते आणि हरणारी मरणार हे दोघींना कळते. बाकीचे खेळाडू घाम गाळत असताना या दोघी ठरवतात की अखेरीस एकच डाव खेळायचा आणि तोवर बोलत बसायचे. पुढचा बराच काळ दोन मुली पायरीवर बसून आहेत, एवढेच दृश्य आहे. जी-यंगचे काम करणारी ली यू-मी हिच्याकडे उघडे, बोलके प्रसंग आहेत. हो-यॉनच्या वाट्याला मुख्यतः ऐकणे आले आहे. ती ऐकते कशी, ते पाहण्यासारखे आहे. आरंभी ती नजर दुसरीकडे ठेवते, उत्तरे तोडून देते. बाहेर पडल्यावर कुठे जायचे या प्रश्नावर जेजू बेटाचे नाव घेताना तिचा आवाज प्रथमच सैल पडतो आणि लगेच आवरला जातो. जी-यंग गोटी मुद्दाम हातातून गळू देते तेव्हा से-ब्योकला आधी राग येतो, रडू नंतर. हा क्रम उलटा झाला असता तर प्रसंग भावुकतेत बुडाला असता. लेखनाचे आणि दिग्दर्शनाचे श्रेय यात मोठे आहेच, पण राग आणि रडणे यांच्यामधला तो क्षण अखेर नटीलाच सांभाळावा लागतो. नवखेपणाच्या खुणा तिच्या कामात इतरत्र दिसतात. सुरुवातीच्या काही प्रसंगांत तिचा कठोरपणा एकसुरी वाटतो, असे माझे मत आहे. या भागात मात्र तसे म्हणता येत नाही.

चेहरा पुरत असता तर अभिनेत्री किम मिन-हीचा इतिहास वेगळा झाला असता. किशोरवयात मॉडेलिंग करून १९९९ मध्ये ती मालिकांत आली, आणि पुढची काही वर्षे तिच्या अभिनयावर कोरियन प्रेक्षकांनी जी टीका केली ती सौम्य नव्हती. चेहरा तेव्हाही तोच होता. २००६च्या एका मालिकेतल्या कामापासून तिच्याबद्दलचे मत बदलू लागले, २०१६ मध्ये तिचा ‘द हँडमेडन’ हा चित्रपट कान महोत्सवाच्या स्पर्धेत होता, आणि २०१७ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा ‘रौप्य अस्वल’ हा पुरस्कार मिळाला, जो तिच्याआधी कोणत्याही कोरियन अभिनेत्रीला मिळालेला नव्हता. सोल ते बर्लिन या वाटेला अठरा वर्षे लागली. अभिनेत्री बे दू-ना हिचीही सुरुवात १९९८ मध्ये कपड्यांच्या कॅटलॉगपासून झाली. अलीकडचे उदाहरण ब्यॉन वू-सोक याचे: मॉडेलिंगनंतर २०१६ मध्ये लहान भूमिकेतून तो मालिकांत आला, अनेक ऑडिशनांत नाकारला गेला, आणि नायक म्हणून घराघरांत पोहोचला तो २०२४ मध्ये. आठ वर्षे तोच चेहरा आणि तीच उंची घेऊन तो बहुतेक दुय्यम भूमिका करत होता.

दाव्याला पोषक ठरणारी एक गोष्ट मी लपवणार नाही. कोरियन वाहिन्यांनी मॉडेलांना घाऊक प्रमाणात घेतले आहे. २०११ मध्ये केबीएस या कोरियन वाहिनीच्या आठ भागांच्या एका लघुमालिकेत किम वू-बिन, ली सू-ह्युक, किम यंग-ग्वांग असे तरुण मॉडेल एकत्र दिसले. पुढे शाळेवरच्या एका लोकप्रिय मालिकेत ली जोंग-सुक आणि किम वू-बिन असे दोन मॉडेल मुख्य भूमिकांत होते. हे धोरणच होते, आणि त्यात देखणेपणाचा हिशेब होता. परंतु त्या काळात आठवड्याला तासाभराचे दोन भाग प्रसारित होत असताना पुढचे चित्रण चालू असे, संवादांची पाने कधी कधी त्याच दिवशी हातात पडत. आठवड्याला ५२ तासांची कामाची मर्यादा २०१८ पासून टप्प्याटप्प्याने लागू झाली तेव्हा कुठे ही घाई आटोक्यात येऊ लागली. अशा यंत्रात नवख्याला शिकायला सवड मिळत नाही, आणि कच्चेपणा त्याच आठवड्यात लाखो लोकांना दिसतो. त्यातून टिकले त्यांची नावे आपण घेतो. जे टिकले नाहीत ते आपल्यापर्यंत पोहोचलेच नाहीत, म्हणून ‘मॉडेल झाला की नट होतो’ असा भास होतो.

पुरस्काराबद्दल फार लिहिण्याची गरज नाही. फेब्रुवारी २०२२ मध्ये हो-यॉनला मिळालेला पुरस्कार अमेरिकेतील पडद्यावरच्या नटांच्या संघटनेचा होता, म्हणजे मते देणारे स्वतः नट होते. नामांकनांत जेनिफर ॲनिस्टन, रीस विदरस्पून, एलिझाबेथ मॉस आणि सारा स्नूक होत्या. पहिल्याच कामाला तो पुरस्कार देण्यात औदार्य होते, असे मला वाटते, आणि मालिकेच्या लाटेचा त्यात वाटा होता हेही उघड आहे. त्याच वर्षी एमी या अमेरिकी दूरचित्रवाणी पुरस्कारासाठी तिला नामांकन मिळाले, पण पुरस्कार ज्युलिया गार्नरला गेला. यानंतर नायिकेच्या भूमिकांची रांगही लागली नाही. दिग्दर्शक अल्फोन्सो क्वारोन यांच्या २०२४च्या मालिकेत ती आली, ती केट ब्लँचेटच्या हाताखाली काम करणाऱ्या सहकारी मुलीच्या छोट्या भूमिकेत.

उरतो तो नाट्यशाळांतल्या नटांचा प्रश्न. तो मराठी वाचकाला चटकन भिडतो, कारण रंगभूमीवर उभा राहिला तोच नट, हा आपला जुना निकष आहे. कोरियातही सोलच्या देहांग्नो भागात शंभराहून अधिक छोटी नाट्यगृहे आहेत आणि कोरियन सिनेमाचे कितीतरी थोर नट तिथूनच आले. पण ‘स्क्विड गेम’ हे उदाहरण या तक्रारीसाठी चुकीचे निवडले गेले आहे. मालिकेत अली अब्दुल या खेळाडूची भूमिका केलेला अनुपम त्रिपाठी दिल्लीत नाटके करून २०१० मध्ये कोरियाच्या राष्ट्रीय कला विद्यापीठात शिकायला गेला आणि रीतसर अभिनय शिकला; त्याच मालिकेने त्यालाही जगापुढे आणले. ली यू-मी किशोरवयापासून सुमारे दहा वर्षे लहान भूमिका करत होती, आणि एमी मिळाली ती तिला, पाहुण्या कलाकारासाठीची. हो-यॉनने यांच्यापैकी कोणाची जागा घेतली नाही.

तक्रारीचा रोख वळवायचाच असेल तर तो ऑडिशनच्या आधीच्या टप्प्याकडे वळवावा. ज्याच्यामागे व्यवस्थापन कंपनी आहे त्याच्याकडे प्रसंगांची पाने आपोआप पोहोचतात, आणि देहांग्नोतल्या तळघरात रोज संध्याकाळी प्रयोग करणाऱ्याला ती भूमिका निघाली होती हे मालिका लागल्यावर कळते. ही विषमता खरी आहे, पण तिचा जाब कंपन्यांना आणि निर्मात्यांना विचारायला हवा. न्यूयॉर्कमधून चित्रफीत पाठवणाऱ्या मुलीने ती निर्माण केलेली नाही.