चोमोन म्हणजे मेलिएसची झेरॉक्स? एका प्रतिक्रियेला उत्तर

मूकपटांच्या सुरुवातीच्या काळातला स्पॅनिश दिग्दर्शक चोमोन याच्यावरच्या माझ्या लेखावर तुम्ही लिहिलंत: स्पेनच्या पहिल्या चित्रपटाचं वर्ष चुकलंय, चोमोन स्पॅनिश म्हणण्यासारखा नाही, आणि त्याने फ्रेंच दिग्दर्शक मेलिएसची नुसती नक्कल केली. तुमची प्रतिक्रिया झोंबली, पण निम्मी खरी आहे. आधी माझी चूक. स्पेनमधल्या सारागोसाच्या पिलार चर्चमधून प्रार्थना आटोपून बाहेर पडणाऱ्या गर्दीची हिमेनोंची फीत (म्हणजे छोटा चित्रपट) मी '१८९६, स्पेनची पहिली' म्हणून ठोकून दिली होती. ती १८९७ च्या ऑक्टोबरातली. त्याआधी ऑगस्टमध्येच बार्सेलोनात जेलाबेर्तने कॅफेतल्या मारामारीची फीत केली होती. जुनं वर्ष न तपासता उचललं. लेखात दुरुस्ती केली आहे.

'फ्रेंच पगारावर जगला तो स्पॅनिश कसला?' चोमोन स्पेनमधल्या तेरुएलमध्ये जन्मला, बार्सेलोनात फिती रंगवण्याचं काम सुरू केलं, मग पॅरिसला पाथे या चित्रपट कंपनीकडे आणि १९१२ पासून इटलीत तुरीनला. काम जिथे होतं तिथे गेला, एवढंच.

आता नकलेचं. चंद्रावरच्या सफरीबद्दल वादच नाही. मेलिएसचा चित्रपट १९०२ चा, चोमोनने १९०८ मध्ये तीच गोष्ट पाथेसाठी पुन्हा केली. उघड उघड उचलेगिरी. पण १९०७ चा 'किरिकी' बघितलात का? जपानी वेशातले कसरतपटू मनोरा रचतात आणि एक चिमुरडं पोर सगळ्यांचं ओझं पेलतं. खरं तर कुणी उभंच नाही! सगळे काळ्या फरशीवर आडवे पडलेत आणि कॅमेरा वरून खाली बघतोय. मनोऱ्यावर चढणं म्हणजे जमिनीवर सरपटणं.

चोमोनच्याच 'विजेचं हॉटेल' या चित्रपटातली गंमत वेगळी. ब्रश आपोआप बूट चमकवतो, कंगवा बाईचे केस विंचरतो. अमेरिकेत ब्लॅक्टन या दिग्दर्शकाचा 'भुताटकीचं हॉटेल' हा तशाच युक्तीचा चित्रपट १९०७ मध्येच येऊन गेला होता, हेही मान्य. पण काम कसं चालायचं ते बघा. एरवी कॅमेऱ्याचं हँडल एकदा फिरवलं की आठ चित्रं निघत. इथे एकेक चित्र सुटं घ्यायचं, ब्रश जरासा सरकवायचा, पुन्हा एक चित्र. पडद्यावरच्या एका सेकंदाला सोळाच्या आसपास चित्रं. त्यात केस विंचरून घेणारी ज्युलिएन मात्यू, म्हणजे त्याची बायको, दर खेपेला पुतळ्यासारखी बसलेली. (संसारात एवढा धीर कुणाला असतो!)

मेलिएस रंगमंचावरचा जादूगार, चोमोन कॅमेऱ्याशी झटणारा कारागीर. म्हणूनच पुढे इटालियन दिग्दर्शक पास्त्रोनेने 'काबीरिया' या चित्रपटासाठी त्याला बोलावलं असणार, असं मला वाटतं. तुम्हाला पटेल न पटेल. 'किरिकी' मात्र एकदा मान वाकडी करून बघा.