दुतोंड्या मारुती आणि 'चोरीचा' गेम

आज सकाळी सोसायटीच्या ग्रुपवर एका सद्गृहस्थांचा मेसेज आला. 'आपली मुलं इंटरनेटवर चोरीचा माइनक्राफ्ट खेळतात. पालकांनी लक्ष द्यावे. संस्कार घरातूनच होतात.' खाली हात जोडलेले चार इमोजी. यांच्याच लॅपटॉपच्या कोपऱ्यात 'ॲक्टिव्हेट विंडोज' कायमचं मुक्कामाला आहे, म्हणजे विंडोजचे पैसे भरलेले नाहीत. प्रिंटर जोडायला मीच गेलो होतो, डोळ्यांनी पाहिलंय. विंडोज आणि माइनक्राफ्ट (ठोकळे, म्हणजे ब्लॉक, रचून जग बांधायचा गेम) दोन्हींचा मालक एकच, मायक्रोसॉफ्ट, हे त्यांना कोण सांगणार? ग्रुपवर काही बोललो नाही, उगाच गणपतीच्या मीटिंगपर्यंत पुरायचं. म्हणून इथे लिहितोय.

माझी भाची मनू सहावीत आहे. ताई अंबडला कंपनीत, त्यामुळे दुपारी ही घरी एकटीच. माझा जुना लॅपटॉप तिला दिला. चार जीबी रॅम, आणि पंख्याचा आवाज असा की शेजारी पिठाची गिरणी सुरू आहे. त्यावर तिने कुठूनतरी ईगलरक्राफ्ट शोधून काढलं. म्हणजे माइनक्राफ्टचीच जुनी आवृत्ती, १.८.८. काही हौशी मंडळींनी मूळ जावातला गेम जावास्क्रिप्टमध्ये उतरवला, त्यामुळे तो क्रोमच्या टॅबमध्ये चालतो. इन्स्टॉल काही करायचं नाही. पैसे नाहीत.

आणि त्यात या पोरीने काय बांधलं? आमच्या नाशिकचा गोदाघाट! रामकुंड, पायऱ्या, आणि मधोमध दुतोंड्या मारुतीची उंच मूर्ती. शेंदरासाठी नारिंगी लोकरीचे ब्लॉक, कारण रंगीत काँक्रीट नंतरच्या आवृत्तीत आलं, या जुन्यात नाही. पुढे एक तोंड, मागे एक तोंड. मग म्हणाली, "मामा, आता पूर आणू." पूर आला की नाशिककर धरणाच्या विसर्गाचा आकडा नंतर विचारतो, आधी विचारतो मारुतीच्या कुठवर आलंय. २०१९ चा पूर हिने ताईच्या कडेवर बसून पाहिलेला. पण गेममध्ये बादली ओतली की पाणी सात ब्लॉक पसरतं आणि थांबतं. मग ही एकेक थर भरत बसली. गुडघे, कंबर, छाती. तीन आठवडे. ही चोर?

बरं, हक्क कंपनीचे आहेत, मान्य. ती चित्रं, ते आवाज त्यांचे, ते असे फुकट वाटता येत नाहीत. कंपनीने नोटिसा पाठवून ईगलरक्राफ्टचा कोड गिटहब या कोड ठेवायच्या साइटवरून काढायला लावला, तोही कायद्याने बरोबरच असेल. असू दे. पण २००९ मध्ये नॉच नावाच्या स्वीडिश माणसाने मूळ माइनक्राफ्ट काढला तेव्हा तो ब्राउझरमध्येच खेळता यायचा. २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने अडीच अब्ज डॉलर मोजून घेतला. तीस कोटींवर प्रती खपल्या. त्यात मनूची एक प्रत कमी पडली म्हणून कुणाच्या घरची चूल विझली? २०१९ मध्ये, दहाव्या वाढदिवसाला, कंपनीनेच सर्वांत जुना 'क्लासिक' ब्राउझरमध्ये फुकट ठेवला. बत्तीस प्रकारचे ब्लॉक. घ्या पोरांनो, करा मजा. पंगतीला बसवायचं आणि नुसती कोशिंबीर वाढायची, तसं.

हो, त्या नकली साइटींवर घाणेरड्या जाहिराती असतात हेही खरं. एकदा जुगाराची उघडली होती. मी ॲडब्लॉकर टाकला, विषय संपला. सद्गृहस्थांनी हे लिहिलं असतं तर मीच पहिला अंगठा दिला असता. पण त्यांना संस्कार आठवले.

खरं सांगू का, माझा राग फक्त त्यांच्यावर नाही. ते जग मी घालवलं. लॅपटॉप रखडतोय म्हणून एका रविवारी मी ब्राउझरची हिस्टरी साफ केली. 'साइट डेटा' या चौकटीवरही टिक केली, मोठा शहाणा. या गेममध्ये आपण बांधलेलं सगळं ब्राउझरच्याच पोटात साठतं. एका क्लिकमध्ये रामकुंड गेलं, मारुती गेला, पूर गेला. खरा गेम घेऊन दिला असता तर फाइल निदान फोल्डरमध्ये राहिली असती, हेही डोक्यात येतंच. दुपारी मनूने टॅब उघडली, जगांची यादी रिकामी. तिने दोनदा रिफ्रेश केलं. मग माझ्याकडे बघून म्हणाली, "असू दे मामा, तुला माहीत नव्हतं." रडली असती तर बरं झालं असतं.

त्या गृहस्थांनी मुलांना चोर म्हटलं तेव्हा मला तो 'असू दे' ऐकू आला. इतकंच.

नंतर कळलं की जग फाइल करून उतरवून ठेवायची सोय त्यातच आहे. आता एक पेन ड्राइव्ह ताईच्या स्वयंपाकघरात चहाच्या डब्यावर असतो, आणि उठायच्या आधी फाइल त्यात जाते. मारुती पुन्हा उभा राहतोय, सध्या कमरेपर्यंत. या वेळी तिला घाटावरच्या नारोशंकर मंदिराची घंटासुद्धा करायची आहे, कारण आजोबांनी १९६९ च्या पुराची आणि त्या घंटेची गोष्ट सांगितली.

एक काम आहे. तिला मागचं तोंड नीट जमत नाहीये आणि माझ्याकडचे सगळे फोटो समोरून आहेत. कुणाकडे दुतोंड्या मारुतीचा मागच्या बाजूने काढलेला फोटो असेल, पाणी कमी असतानाचा, तर कमेंटमध्ये टाका.