किल्ली सरदाराच्या खिशात नव्हती

‘मध्ययुगात युरोपातले लोक जन्मात दोनदाच आंघोळ करत, सडक्या मांसाचा वास मारायला आपली मिरी वापरत आणि क्रूसेडला (जेरुसलेमसाठीच्या ख्रिस्ती धर्मयुद्धाला) निघालेले सरदार बायकांना त्या एकनिष्ठ राहाव्यात म्हणून कमरेच्या लोखंडी पट्ट्यात कुलूपबंद करून किल्ली सोबत नेत.’ हा फॉरवर्ड वर्षानुवर्षं फिरतोय. परवा माझ्या भाचीने तो पट्ट्याच्या फोटोसकट सातवीच्या प्रोजेक्टमध्ये उतरवला. आता गप्प बसवत नाही.

आधी पट्टा, कारण सगळ्यात घाणेरडं खोटं तेच आहे. पहिलं क्रूसेड 1096 मध्ये निघालं, पॅलेस्टाइनमधलं क्रूसेडवाल्यांचं शेवटचं मोठं ठाणं 1291 मध्ये पडलं. आणि अशा पट्ट्याचं माहीत असलेलं सर्वांत जुनं चित्र 1405 चं, एका जर्मन लष्करी अभियंत्याच्या हस्तलिखितातलं. तिथेही तो फ्लॉरेन्सच्या बायकांच्या नावावर खपवलाय, क्रूसेडचा उल्लेखही नाही. अमेरिकेतल्या अ‍ॅरिझोना विद्यापीठाचे अल्ब्रेख्त क्लासेन यांनी 2007 मध्ये या एकाच विषयावर अख्खा ग्रंथ लिहिला. जुने उल्लेख एकेक करून तपासले आणि ही निव्वळ दंतकथा ठरवली. ‘पण म्युझियममध्ये आहे ना!’ आहे. ब्रिटिश म्युझियमकडेही आहे, आणि अशा बहुतेक वस्तू अठराव्या-एकोणिसाव्या शतकात बघ्यांना चाळवायला बनवल्या गेल्या, असं तिथल्याच तज्ज्ञांचं मत आहे. अहो, लोखंड दिवसरात्र घासून जखम होणार, ती चिघळणार. सरदार परतेपर्यंत ती बाई जगेल का, एवढा तरी विचार करा!

किल्ल्या हव्यात ना? त्या खरंच सापडतात, इंग्लंड-स्कँडिनेव्हियातल्या मध्ययुगाच्या आरंभीच्या कबरींमध्ये, बायकांच्या कमरेपाशी. पेट्या-कोठारांच्या किल्ल्या, तिच्याच ताब्यातल्या. प्रोजेक्टमध्ये हा फोटो लावायला हवा होता.

आंघोळीचं म्हणाल तर 1292 च्या पॅरिसच्या करयादीत दोन डझनांवर न्हाणीघरवाले आहेत. लंडनच्या उत्खननांत लाकडी कंगवे निघतात, एका बाजूला विरळ दाते, दुसऱ्या बाजूला उवा-लिखा काढायला दाट, थेट आपल्या आजीच्या फणीसारखे. शहरांतले रस्ते घाण होते, हे मान्य. पुढे प्लेग आणि सिफिलिसच्या धास्तीने न्हाणीघरं बंद पडली, गरम पाण्याने अंगाची छिद्रं उघडून रोग शिरतो असं वैद्य सांगू लागले, तेही खरं. पण तो भर मुख्यतः सोळाव्या शतकातला, म्हणजे मध्ययुग सरल्यानंतरचा. मध्ययुगाच्या माथी कशाला मारता?

मिरीवर फार लिहायची गरज नाही. मलबारहून अलेक्झांड्रिया-व्हेनिसमार्गे पोचलेली मिरी ज्याला परवडते, त्याला ताजं मांस परवडत नाही? चौदाव्या शतकातल्या लंडनमध्ये सडकं मांस विकणाऱ्याला खोड्यात अडकवून तेच मांस त्याच्या नाकाखाली जाळत. चिमूटभर मिरीने भागत असतं, तर ही शिक्षा ठेवली असती का?