नोराच्या गाण्याचं श्रेय कुणाचं? एका प्रतिक्रियेला उत्तर

अमेरिकन गायिका नोरा जोन्सवरच्या माझ्या लेखाखाली एका वाचकाची प्रतिक्रिया आली आहे. थोडक्यात ती अशी : ‘रविशंकरांची मुलगी नसती तर हिला कुणी विचारलं असतं? पहिल्या अल्बमनंतर तिने तेच झोपाळू गाणं वीस वर्षं विकलं. जॅझ तर ती कधी गायलीच नाही. आणि आठ ग्रॅमींचं तुमचं वाक्य चूक आहे.’

शेवटच्या मुद्द्यापासून सुरुवात करतो, कारण तिथे तुमचं बरोबर आहे. 2003 साली ‘कम अवे विथ मी’ हा तिचा पहिला अल्बम आणि त्यातलं ‘डोन्ट नो व्हाय’ यांच्याभोवती आठ ग्रॅमी जमा झाली, पण नोराच्या स्वतःच्या हाती त्यातली पाच आली. बाकीची इतरांची. गीतकार जेसी हॅरिस, निर्माता आरिफ मार्दिन, ध्वनिमुद्रण करणारे. मी सगळी तिच्या नावावर टाकली, ती चूक मूळ लेखात दुरुस्त केली आहे. मनापासून आभार.

आता वडिलांबद्दल. तुमचं हे वाक्य मला लागलं, कारण आपल्याकडे ते फार सहज म्हटलं जातं. नोरा वाढली ती आईजवळ, टेक्सासमधल्या ग्रेपव्हाइन गावात. लहानपणी वडिलांचा सहवास तिला फारसा मिळालाच नाही. जन्माचं नाव गीताली नोरा जोन्स शंकर, पण सोळाव्या वर्षी तिने रीतसर ते बदलून नोरा जोन्स करून घेतलं. वडिलांच्या नावावर पुढे जायचं असतं तर हे तिने कशाला केलं असतं? पुढे नॉर्थ टेक्सास विद्यापीठात जॅझ पियानो शिकली, 1999 साली ते अर्धवट सोडून न्यूयॉर्कला आली आणि छोट्या क्लबांतून गाऊ लागली. ईएमआय या संगीत कंपनीत नोकरी करणाऱ्या एका बाईंनी तिला ऐकलं आणि ब्लू नोट या जॅझच्या रेकॉर्ड कंपनीच्या ब्रूस लुंडवॉल यांच्यापर्यंत नेलं. दार उघडलं ते गाण्याने.

बापलेकीचं नातं पुढे जुळलं. डिसेंबर 2012 मध्ये रविशंकर गेले आणि पुढच्या वर्षी सावत्र बहीण अनुष्काच्या ‘ट्रेसेस ऑफ यू’ अल्बममध्ये नोरा तीन गाणी गायली. तिथे सतार आहे, वडिलांची आठवण आहे, पण नोरा गाते ती स्वतःच्याच ढंगात.

‘तेच झोपाळू गाणं’ याला मात्र माझी खरी हरकत आहे, आणि इथे मी जरा रेंगाळणार आहे.

पहिला अल्बम कसा झाला बघा. आधी क्रेग स्ट्रीट या निर्मात्याबरोबर वुडस्टॉकजवळच्या ॲलेअर स्टुडिओत बरंच काम झालं. बिल फ्रिझेलसारखा गिटारवादक साथीला होता. पण त्यातलं बहुतेक बाजूला ठेवलं गेलं, कारण त्या वाद्यमेळात तिचा आवाज मागे पडत होता. मग आरिफ मार्दिन आले. अरेथा फ्रँकलिनच्या रेकॉर्ड्स केलेला हा मुरलेला माणूस, आणि त्याने काय केलं, तर फारसं काही केलं नाही! ‘डोन्ट नो व्हाय’चा डेमोसाठी, म्हणजे नमुना म्हणून, घेतलेलाच टेक ठेवला, मागचे जोडआवाज तेवढे नंतर चढवले. हेडफोन लावून ऐका. ती ओळ लयीच्या किंचित मागे सोडते, पियानो दोन स्वरांत उत्तर देतो आणि गप्प बसतो. ही उसंत ठरवून आणता येत नाही. या अल्बमच्या जगभर अडीच कोटींहून जास्त प्रती गेल्या.

एवढ्या यशानंतर तोच साचा वापरणं सोपं होतं. 2004 च्या ‘फील्स लाइक होम’च्या अमेरिकेत पहिल्याच आठवड्यात दहा लाखांवर प्रती खपल्या आणि तो अल्बम पहिल्याचा सख्खा भाऊ आहे, हे मान्य. पण 2007 च्या ‘नॉट टू लेट’मध्ये सगळी गाणी तिची स्वतःची किंवा तिने कुणाबरोबर मिळून लिहिलेली आहेत. त्यातलं ‘माय डिअर कंट्री’ निवडणुकीच्या दिवसाच्या धास्तीवर आहे. 2012 च्या ‘लिटल ब्रोकन हार्ट्स’मधलं ‘मिरियम’ तुम्ही ऐकलंय का? नवऱ्याच्या आयुष्यात आलेल्या बाईला एक स्त्री जिवे मारायची धमकी देते आहे, आणि तेही अंगाई म्हणावी अशा आवाजात. मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा रात्री उठून दिवा लावला होता. याला झोपाळू म्हणणं मला जमत नाही.

राहिला जॅझचा प्रश्न. भावगीत गाणाऱ्याला आपण ‘ख्याल का गात नाहीस’ असं विचारत नाही. त्याच्या गळ्यावर रागाचा संस्कार किती आहे, ते ऐकतो. नोराकडेही तसंच बघायला हवं. हॅन्क विल्यम्सचं कंट्री गाणं ती गाते, तेव्हा त्याखालचे पियानोचे स्वर जॅझ शिकलेल्या हातांचे असतात. जॅझ पियानोवादक हर्बी हॅन्कॉकच्या ज्या अल्बमला 2008 साली वर्षातल्या सर्वोत्तम अल्बमचं ग्रॅमी मिळालं, त्यात ‘कोर्ट अँड स्पार्क’ तीच गायली आहे.

आणि ही दोन गाणी लागोपाठ ऐकाच. ‘फील्स लाइक होम’चं शेवटचं गाणं म्हणजे जॅझचा थोर रचनाकार ड्यूक एलिंग्टनच्या ‘मेलन्कोलिया’ या पियानोरचनेला तिने स्वतः दिलेले शब्द. बारा वर्षांनी, 2016 च्या ‘डे ब्रेक्स’चा शेवटही एलिंग्टनच, ‘फ्लुरेट आफ्रिकेन’. या वेळी शब्द एकही नाही. ती नुसती गुणगुणते, आणि शेजारी वेन शॉर्टरचा सॅक्सोफोन. पहिल्यात ती एलिंग्टनच्या सुरावर शब्द ठेवते, दुसऱ्यात ते शब्दही सोडून देते. ऐकून झाल्यावर पुन्हा लिहा, मी वाट बघतो.